वर निखारे, खाली निखारे: घरासाठी ओव्हन निवडताना

वाचकाचा प्रश्न, थोडक्यात: ठाण्याच्या एका वाचक ताईंना दिवाळीच्या आत घरात ओव्हन आणायचा आहे. हाताशी १५,००० रुपये आहेत, घरात माणसं पाच. आठ वर्षांचा साधा मायक्रोवेव्ह घरी आहे आणि तो नीट चालतो, पण दूध-भाजी गरम करणं आणि पापड भाजणं यापलीकडे तो वापरला जात नाही. त्यांना करायचे आहेत लादीपाव, नानकटाई, मुलांच्या वाढदिवसाचे केक, जमलं तर कमी तेलातला फराळ आणि वांग्याचं भरीत. यजमान म्हणतात, जुना मोडीत काढू आणि ३२ लिटरचा कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह घेऊ, ‘एकातच सगळं’. धाकटी बहीण म्हणते, ओटीजी (ओव्हन-टोस्टर-ग्रिल) घे. दुकानातल्या विक्रेत्याने तीनशे तयार मेनू, तंदुरी रोटी आणि बिनतेलाची पुरी यांचं वर्णन ऐकवलं. सासूबाईंचं मत असं, की गॅसवर सगळं होतं, ओव्हन दोन महिन्यांत माळ्यावर जाईल. ताई विचारतात: आपल्या भारतीय स्वयंपाकाला नेमका कोणता ओव्हन चांगला?

ताई,

आधी तुमचा शेवटचा प्रश्नच जरा बदलून घेऊ. ‘भारतीय स्वयंपाकाला चांगला’ असा ओव्हन नसतो, कारण आपल्या रोजच्या स्वयंपाकातलं फारसं काही ओव्हनमध्ये जातच नाही. पोळी तव्यावर मिनिट-दीड मिनिटात होते. ओव्हन नुसता तापायलाच दहा-बारा मिनिटं घेतो, आणि त्यात ठेवलेली पोळी फुगायच्या आधी वाळून कडक होते. आमटी, उसळ, फोडणीची भाजी यांना त्याचा काडीचा उपयोग नाही. सासूबाई म्हणतात ते या अर्थाने खरंच आहे. पण तुमची यादी पाहा. लादीपाव, नानकटाई, केक यांतलं एकही तव्यावर होत नाही, कारण त्यांना खालून जशी आच लागते तशीच वरूनही लागते.

ही वरची आच आपल्याला नवी नाही. कोकणात तवशाचं धोंडस (मोठ्या काकडीचा गोड केक) करताना जाड बुडाच्या पातेल्यावर झाकण ठेवून त्यावर निखारे पसरत. पाठारे प्रभूंचं भानोलंही असंच वर-खाली विस्तव ठेवून भाजलं जाई. गोव्याचं बेबिंक तर जवळजवळ वरच्या आचेवरच उभं राहतं: एक थर ओतायचा, वरून तांबूस होऊ द्यायचा, चमचाभर तूप सोडायचं, मग पुढचा थर. तिथे खालून सारखी आच देत राहिलात, तर सातवा थर होईपर्यंत पहिल्याचा कोळसा झालेला असेल. तेव्हा दुकानात विचारायचा प्रश्न किती लिटर हा नाही आणि किती मेनू हा तर नाहीच. निखारे कुठे आहेत, आणि वरचे-खालचे वेगवेगळे चालू-बंद करता येतात का, हे विचारायचं.

ओटीजी म्हणजे पत्र्याची पेटी. तिच्यात वर आणि खाली तापणारे रॉड, तापमान राखणारा एक थर्मोस्टॅट, एक टायमर. काही मॉडेलांत बाजूला किंवा छताला छोटा पंखा असतो. कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हमध्ये मात्र दोन निराळी यंत्रं एका डब्यात बसवलेली असतात. मायक्रोवेव्हवर लावलं की लहरी अन्नातल्या पाण्याला तापवतात. कन्व्हेक्शनवर लावलं की त्या लहरी बंद होतात, आणि मागच्या बाजूची कॉइल व पंखा मिळून गरम वारा फिरवतात. वर बहुधा ग्रिलची कॉइल असते. खाली बहुतेक मॉडेलांत काहीच नसतं, कारण तिथे काचेची फिरती ताटली आणि तिची मोटर असते.

हे ‘खाली काही नाही’ काय करतं ते लादीपावात लगेच दिसतं. पाव वरून छान सोनेरी होतात, बाहेर काढून उलटले की बुडं पांढरी आणि दाबली की चिकट. बायका मग यीस्टला किंवा मैद्याला दोष देतात. दोष त्यांचा नसतो, बुडाला आचच लागलेली नसते. ज्यांच्या घरी हेच यंत्र आहे त्यांनी ट्रे सोबत आलेल्या बुटक्या जाळीच्या स्टँडवर ठेवावा म्हणजे खालून वारा फिरतो. चकचकीत ट्रेऐवजी गडद रंगाचा पत्र्याचा ट्रे वापरावा, आणि पाव झाले की लादी अख्खी ट्रेमधून काढून, उलटी करून जाळीवर आणखी ४–५ मिनिटं ठेवावी. बुडं भाजली जातात.

दुसरी अडचण मापाची. ५०० ग्रॅम मैदा, ३१० मिली कोमट दूध-पाणी, ७ ग्रॅम इन्स्टंट यीस्ट, १० ग्रॅम मीठ, ३० ग्रॅम साखर आणि ४० ग्रॅम लोणी घेतलं की साधारण ९०० ग्रॅम पीठ होतं. त्याचे ७५ ग्रॅमचे १२ गोळे तीन बाय चारच्या रांगांत लावायला २३ बाय ३० सेंटिमीटरचा ट्रे लागतो. आता त्या ट्रेचा कर्ण मोजा: जवळजवळ ३८ सेंटिमीटर. ट्रे ताटलीवर गोल फिरायचा तर आत ३८ सेंटिमीटर मोकळी जागा हवी. २८ लिटरच्या कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हची ताटली साधारण साडेएकतीस सेंटिमीटरची असते, ३२ लिटरचीही त्याहून थोडीच मोठी. मग ट्रेचे कोपरे भिंतींना घासतात, ताटली अडून राहते आणि मागच्या पंख्याकडचे पाव करपतात. त्यात सुखाने फिरतो तो २२ सेंटिमीटरचा चौकोनी ट्रे, म्हणजे ९ पाव. पाच माणसांच्या पावभाजीला दोन घाणे लावावे लागतील, आणि पहिला घाणा होईस्तोवर दुसरा ओट्यावर प्रमाणाबाहेर फुगून बसेल.

म्हणून एक सोपी गोष्ट करा. जुन्या कॅलेंडरच्या पानातून २३ बाय ३० सेंटिमीटरचा तुकडा कापा, घडी घालून पर्समध्ये ठेवा आणि दुकानात ओव्हनच्या आतल्या जाळीवर पसरून पाहा. चारही बाजूंनी दोन-दोन बोटं जागा उरली पाहिजे, नाहीतर वारा कोंडतो आणि कडा आधी काळ्या होतात. विक्रेता जरा चमकून बघेल, बघू द्या. ‘लिटर’ म्हणजे आतल्या पोकळीचं घनफळ. त्यात छताजवळची जागाही धरलेली असते, तिथे काही तुम्ही पाव लावणार नाही.

यजमानांच्या ‘एकातच सगळं’कडे येऊ. एकात सगळं आलं, तरी एका वेळी एकच होतं. पाव भाजताना तापायची १० मिनिटं, भाजायची २०, मग पेटी निवायची पंधरा-वीस. एवढा वेळ कुणाला भाजी गरम करून मिळणार नाही. त्यातही एक फसगत आहे: बेकिंग झाल्या झाल्या त्याच गरम पोकळीत ‘मायक्रोवेव्ह-सेफ’ प्लास्टिकचा डबा ठेवला, तर तो वाकतो. डबा लहरींना सुरक्षित असतो, १८० अंशांच्या भिंतींना नाही. शिवाय आतलं सर्किट बोर्ड गेलं की भाजणं आणि गरम करणं दोन्ही एकदम बंद पडतं. तुमच्याकडे चालता मायक्रोवेव्ह आहे, तो मोडीत काढून अर्धं काम पुन्हा विकत घेण्यात मला काही शहाणपण दिसत नाही.

याचा अर्थ कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह वाईट, असा नाही. ज्यांच्या ओट्यावर एकाच यंत्राची जागा आहे, घरात आधी मायक्रोवेव्ह नाही, रोज चार वेळा काहीतरी गरम करायचं असतं आणि केक-बिस्किटं महिन्या-दोन महिन्यांतून एकदा होतात, त्यांनी तोच घ्यावा. तापमान नेमकं लावता येतं. बऱ्याच मॉडेलांत ४० अंशांची सोय असते, तिच्यात थंडीतही दही लागतं आणि पीठ फुगतं. नानकटाई, बिस्किटं, लहान केक चांगले होतात. फक्त एक ध्यानात ठेवायचं: धातूचं भांडं कन्व्हेक्शनवर चालतं, मायक्रोवेव्हवर चालत नाही, आणि दोन्ही एकत्र चालणाऱ्या कॉम्बिनेशनवरही ठेवू नये. ‘पाच मिनिटांत केक’ नावाची जी करामत दाखवतात ती नुसत्या लहरींवरची असते. तो केक वाफवलेला असतो, त्याला तांबूस कड येत नाही आणि तासाभरात रबरासारखा होतो.

तुम्ही, ताई, ओटीजी घ्या. बहिणीचं बरोबर आहे. मात्र कोणताही नाही.

आकाराने २८ ते ३५ लिटरच्या मधला. १६–२० लिटरच्या पेटीत रॉड अन्नाच्या फार जवळ येतात. सात इंची डब्यातला केक फुगून वर आला की वरच्या रॉडपासून चार-पाच सेंटिमीटरवर असतो, त्याची साल आधी घट्ट होते आणि आतलं पीठ फुगताना ती फोडून ज्वालामुखीसारखं बाहेर येतं. केक फुटण्याचं घराघरातलं कारण बहुतेक वेळा हेच. दुसऱ्या टोकाला ४० लिटरच्या पुढचा ओटीजी २,००० वॅटच्या आसपासचा असतो, तापायला जास्त वेळ घेतो आणि रोजच्या १२ पावांसाठी निम्मा रिकामाच भाजला जातो. मधला ओटीजी साधारण ६,००० ते ११,००० रुपयांत येतो. तुमच्या पैशांतून उरलेले कुठे घालायचे ते पुढे सांगतो.

दुकानात बटणं हातात धरून पाहा. एका बटणावर नुसता खालचा रॉड, नुसता वरचा, आणि दोन्ही अशा तीन खुणा वेगवेगळ्या असायलाच हव्यात. स्वस्तातल्या काही पेट्यांत ‘बेक’ आणि ‘टोस्ट’ एवढंच असतं, त्या घेऊ नका. पंख्याची खूण स्वतंत्र असावी, म्हणजे पंखा हवा तेव्हा लावता आणि बंद ठेवता येईल. पंखा असला की विक्रेते सरसकट ‘कन्व्हेक्शन ओव्हन’ म्हणतात. ओटीजीतला छोटा पंखा गरम हवा नुसती ढवळतो. मोठ्या, भिंतीत बसवायच्या ओव्हनमध्ये पंख्याभोवती स्वतःची गोल कॉइल असते, ती गोष्ट निराळी. ढवळणाराही पंखा उपयोगी आहे: नानकटाई, बिस्किटं, भाजायचे शेंगदाणे, चिवड्याचे पोहे यांना सगळीकडे सारखा रंग येतो. स्पंज केकला आणि दुधा-अंड्याच्या पुडिंगला तो बंद ठेवा, वाऱ्याने वरची साल लवकर सुकते. पंखा लावलात तर पाककृतीत लिहिलेल्या तापमानातून १५ ते २० अंश कमी करा.

तापमान २३० किंवा २५० अंशांपर्यंत जाणारं हवं. टायमरला ‘स्टे ऑन’ची (वेळ न लावता पेटी चालू ठेवायची) खूण असेल तर उत्तम. दाराची काच कशी आहे, दार मधल्या कोनात थांबतं की धाडकन पडतं, जाळीच्या ट्रेला अटकाव आहे की ओढताना पूर्ण बाहेर येऊन हातावर पडेल, हे चालू नसलेल्या पेटीतच पाहून घ्यायचं. सुटे भाग मिळतात का, हेही विचारा: रॉड, थर्मोस्टॅट, दाराची काच. रॉड गेला तर गल्लीतला चांगला इलेक्ट्रिशियनही बदलून देतो. मायक्रोवेव्हचं तसं नसतं. त्यातला कपॅसिटर प्लग काढल्यावरही जीवघेणा झटका देऊ शकतो, तो कुणीही घरी उघडू नये. कोंबडी फिरवायचा दांडा मात्र बहुतेक घरांत खोक्यातून बाहेरही निघत नाही. त्यासाठी हजार रुपये जास्त देऊ नका.

आता जिथे लोक खरंच फसतात ती जागा: भिंतीतलं सॉकेट. साधं ६ अँपिअरचं सॉकेट २३० व्होल्टला फार तर १,३८० वॅट झेपवतं. १,६०० वॅटचा ओटीजी सुमारे ७ अँपिअर ओढतो. म्हणजे त्याला जाड पिनांचं १६ अँपिअरचं सॉकेट हवं, आणि त्याच्या मागची तार किमान अडीच चौरस मिलिमीटरची तांब्याची. (कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह कन्व्हेक्शनवर दोन-सव्वादोन हजार वॅट ओढतो, त्याला तर हवंच हवं.) जाड प्लग बारीक सॉकेटात बसवणारा पांढरा अ‍ॅडॉप्टर मिळतो, तो वापरू नका. पिना सैल बसतात, तिथे ठिणगी पडते, प्लास्टिक पिवळं पडून वितळायला लागतं आणि वास आल्यावरच कळतं. एक्स्टेन्शन बोर्डचंही तेच. तुमच्या ओट्यावर मोठं सॉकेट एकच असेल आणि त्यावर इंडक्शन चालत असेल, तर ओव्हनआधी इलेक्ट्रिशियनला बोलवा आणि मेन बोर्डावरून वेगळ्या एमसीबीवर (भार वाढला की आपोआप पडणाऱ्या स्विचवर) नवा पॉइंट काढून घ्या. अर्थिंगही तपासायला सांगा. उरलेल्या पैशांतला पहिला वाटा याचा.

जागा: बाजूंना आणि मागे किमान १० सेंटिमीटर, वर त्याहून जास्त. दोन फुटी ओट्यावर पेटी मागे अंतर ठेवून बसते का, दाराची मूठ ओट्याच्या बाहेर येते का, हे टेपने मोजा. मूठ बाहेर आली तर मुलांचा धक्का लागतो. ट्रॉलीच्या बंद कप्प्यात ओटीजी ठेवू नका, तो बाहेरूनही चटका बसेल इतका तापतो.

दुसरा वाटा ओव्हन थर्मामीटरचा. काही शे रुपयांचा, जाळीला टांगायचा, डायलचा. ओटीजीचं बटण १८० दाखवतं तेव्हा आत १६० किंवा २०० असणं अगदी सामान्य आहे, महागड्या पेटीतही. थर्मामीटर येईपर्यंत साखरेवर परीक्षा घ्या. साखर साधारण १८६ अंशांना वितळते. छोट्या वाटीत चमचाभर साखर घालून तापलेल्या ओव्हनमध्ये १७५ वर १५ मिनिटं ठेवा, ती तशीच राहायला हवी. मग १९५ वर १५ मिनिटं, ती वितळायला हवी. १७५ लाच वितळली तर तुमची पेटी गरम चालते, पुढे दर वेळी बटण १५–२० अंश मागे ठेवा. १९५ लाही कोरडी राहिली तर उलट. ही नोंद बटणाशेजारी चिकटवून टाका.

आणि लाल दिव्यावर विसंबू नका. बऱ्याच ओटीजींत तो दिवा ‘वीज चालू आहे’ एवढंच सांगतो, ‘ओव्हन तापला’ असं नाही. १८० साठी घड्याळ लावून पूर्ण १२–१५ मिनिटं थांबा. अर्धवट तापलेल्या पेटीत नानकटाई ठेवली की तिला वरून साल धरायच्या आत तूप वितळतं आणि ती पसरून पापडी होते.

नानकटाईबद्दल थोडं सविस्तर, कारण दिवाळी जवळ आहे. १५० ग्रॅम मैदा, ५० ग्रॅम बेसन, २५ ग्रॅम बारीक रवा, १०० ग्रॅम पिठीसाखर, १२० ग्रॅम तूप, वेलची. तूप रवाळ, थिजलेलं घ्या. पातळ केलेलं तूप हे पसरण्याचं दुसरं कारण. साखर-तूप हलकं, पांढरट होईपर्यंत फेसा, पिठं मिसळून गोळा करा, मळू मात्र नका. २५ ग्रॅमच्या सतरा-अठरा नानकटाया होतील. आकार देऊन २० मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा. चकचकीत अॅल्युमिनियमच्या ट्रेवर दोन-दोन बोटं अंतराने लावा, काळ्या ट्रेवर बुडं लवकर करपतात. पावाला गडद ट्रे आणि नानकटाईला चकचकीत, हे उलटसुलट वाटेल, पण पावाच्या बुडाला आच हवी असते आणि नानकटाईच्या बुडाला नको. दोन्ही रॉड, पंखा बंद, १६५ अंश, मधली जाळी, १८–२० मिनिटं. कडा जेमतेम बदामी झाल्या की काढा. तेव्हा त्या मऊच लागतात, म्हणून घाबरून पुन्हा आत ढकलू नका. ट्रेवरच दहा मिनिटांत आवळतात.

लादीपावाला २०० अंश, दोन्ही रॉड, खालून दुसरी खाच, १८–२० मिनिटं. वरून रंग आला आणि वेळ उरला असेल तर वरचा रॉड बंद करून शेवटची ५ मिनिटं नुसत्या खालच्यावर. तीन वेगळ्या खुणा का मागायच्या, ते इथे कळतं.

फराळाच्या बाबतीत मात्र तुम्हाला थोडं निराश करावं लागेल. पुरी फुगते कारण तळणीतलं १८०–१९० अंशांचं तेल तिला सगळीकडून एकदम चटका देतं आणि आतल्या पाण्याची क्षणात वाफ होते. त्याच तापमानाची हवा उष्णता फार सावकाश देते, तोवर पुरी वाळलेली असते. ‘बिनतेलाची पुरी’ म्हणून जे मिळतं ते फुगलंच तर खाकऱ्यासारखं लागतं. चकली भाजली की दाताला कडक, करंजीचं होतं गोड पॅटिस, वाईट नाही पण करंजी म्हणून पाहुण्यांपुढे ठेवू नका. शंकरपाळे मात्र १७० अंशांवर १८–२० मिनिटांत छान बिस्किटासारखे होतात, मोहन नेहमीपेक्षा थोडं सढळ घाला. आणि पातळ पोह्यांचा चिवडा हा ओव्हनचा खरा धनी: २५० ग्रॅम पोहे दोन ट्रेंत पसरून, १०० अंशांवर, पंखा लावून १०–१२ मिनिटं, मध्ये एकदा वर-खाली. कढईत भाजताना पोहे आकसतात तसे इथे आकसत नाहीत, आणि पावसाळी हवेत उन्हाची वाट पाहावी लागत नाही. नंतर फोडणी नेहमीसारखी. शेंगदाणे अर्धा किलो, १६० अंश, १८–२० मिनिटं, दोनदा हलवून. रंग हवा त्याच्या किंचित आधी बाहेर काढा, कारण गरम दाणे ट्रेवरही भाजत राहतात.

तंदुरी रोटीचं गणितही हेच. तंदूर ३५० अंशांच्या वर तापलेला असतो, आपली पेटी २५० ला थांबते. विक्रेत्याला एवढं विचारा, मग तो मेनूचं पान उलटेल.

भरिताचं वांगं होतं. ४०० ग्रॅमचं वांगं, तेलाचा हात, सुरीने चार-पाच ठिकाणी टोचलेलं (नाहीतर फुटून सगळी पेटी माखते), वरचा रॉड, २३० अंश, ३५–४० मिनिटं, दोनदा फिरवून. गर मऊ शिजतो, साल सहज सुटते. धुराचा वास मात्र येत नाही, तो साल ज्योतीवर जळल्याशिवाय येत नाही. एका वांग्यासाठी गॅसच बरा. वीस माणसांच्या भरितासाठी सहा वांगी एकदम लावायची असतील तेव्हा ओव्हन, आणि मग गरात जळता निखारा वाटीत ठेवून वर तूप सोडून झाकण.

वीजबिलाची धास्ती थोडी जास्तच असते. १,६०० वॅटची पेटी तासभर लावली तरी थर्मोस्टॅट रॉड मधूनमधून बंद करत राहतो, त्यामुळे खर्च साधारण एक युनिटच्या आसपास येतो. एकदा तापली की पावामागून शेंगदाणे, मग निवत्या पेटीत चिवड्याचे पोहे असं ओळीने लावलंत तर तापवण्याची वीज एकदाच लागते. गावाकडे वीज जा-ये करत असेल तर तिथेही किल्लीच्या टायमरचा ओटीजी बरा: वीज परत आली आणि वेळ उरला असेल तर तो पुन्हा तापायला लागतो, डिजिटल यंत्र सगळं विसरून घड्याळ लुकलुकत बसतं. घरगुती इन्व्हर्टरवर मात्र यांतलं काहीच चालवू नये.

आता सासूबाई. माळ्याची भीती खोटी नाही, खूप ओव्हन माळ्यावर आहेतच. तेव्हा विकत घेण्याआधी महिनाभर जुन्या जाड पातेल्यात करून पाहा. तळाला दोन बोटं कोरडी वाळू, त्यावर स्टँड, घट्ट झाकण, मंद गॅसवर १० मिनिटं तापवून आत केकचा डबा. (त्यासाठी रोजचा प्रेशर कुकर वापरू नका, कोरडा तापवून तो खराब होतो.) केक होतो, पण वरून पांढुरका राहतो. महिन्यात तुम्ही चार वेळा केलंत आणि दर वेळी वरच्या रंगासाठी हळहळलात, तर ओव्हन माळ्यावर जाणार नाही. एकदाच केलंत तर पैसे वाचले.

आलाच घरी, तर पहिल्या दिवशी खिडक्या उघडून रिकामा ओटीजी दोन्ही रॉडवर २०० अंशांना २० मिनिटं चालवा. रॉडवरचा थर जळून धूर येतो, तो एकदाच. तळाच्या चुऱ्याच्या ट्रेवर अॅल्युमिनियम फॉइल अंथरू नका, खालची आच परत फिरून रॉड आणि पत्रा दोन्ही बिघडतात. गरम काचेवर ओलं फडकं लावू नका. टायमर दहा-पंधरा मिनिटांसाठी लावायचा असेल तर आधी वीसच्या पुढे फिरवून मग मागे आणा, नाहीतर बऱ्याच पेट्यांत घंटाच वाजत नाही. भांडी लगेच विकत आणायचं कारण नाही. घरातलं अॅल्युमिनियमचं पसरट पातेलं, प्लास्टिकची मूठ नसलेलं, पहिल्या केकला पुरतं.

आणि पहिला केक धोंडसाचाच करा: किसलेलं तवसं, रवा, गूळ, ओलं खोबरं, सात इंची डब्यात, १७५ अंशांवर ४५–५० मिनिटं. पहिली ३५ मिनिटं दोन्ही रॉड, मग रंग पाहून ठरवायचं. त्या वेळी सासूबाईंना शेजारी उभं करा आणि त्यांच्या घरी झाकणावर निखारे किती आणि खाली किती ठेवत, ते विचारा. त्या ‘वर सढळ, खाली मंद’ म्हणाल्या तर शेवटची दहा मिनिटं बटण वरच्या रॉडवर फिरवा.